काचवालीचा मामा

काच वखारीतून बाहेर पडत होती आणि निरीक्षक नेमका दारात उभा होता. पुढे बांबू नावाचा हमाल, मागे मामा, आणि दोघांच्या मध्ये दाराच्या उंचीचं अख्खं पान. काचवालीने टेबलामागून हात वर केला. निरीक्षकाला वाटलं ती नमस्कार करते आहे, म्हणून त्यानेही केला. तिने हात पुन्हा हलवला, या वेळी जरा जोरात, तेव्हा कुठे बाजूला व्हायचं आहे हे त्याला उमगलं. बॅग पोटाशी धरून तो पालीसारखा भिंतीला चिकटला. काच त्याच्या नाकासमोरून सरकत गेली. ती टेम्पोत उभी राहून दोऱ्या आवळून होईपर्यंत तो तसाच उभा होता.

"बोला आता," काचवाली म्हणाली.

काच माणसांच्या हातात असताना कुणी बोलायचं नाही, हाक तर मुळीच मारायची नाही, हा वखारीचा नियम तिच्या वडिलांपासूनचा. हाकेसरशी माणूस मान वळवतो, मान वळली की खांदा वळतो, आणि मग जे व्हायचं ते होतं. नव्या गिऱ्हाइकांना ही वखार फार अबोल वाटायची. जुनी गिऱ्हाइकं दाराबाहेरच थांबत.

निरीक्षक कामगार कल्याण मंडळाकडून आला होता. त्याला हे सगळं दिवसातून किती दुकानांत सांगावं लागत असेल कोण जाणे, पण त्याने न कंटाळता सांगितलं. हा बाजार आता कायद्याच्या कक्षेत आला आहे. डोक्यावर, पाठीवर किंवा हातांवर ओझं वाहणाऱ्या प्रत्येकाची मंडळाकडे नोंद व्हायला हवी, आणि त्याला राबवून घेणाऱ्या मालकाचीही. मजुरी मंडळामार्फत जाईल, वर मालकाने ठरलेली भर घालायची. त्यातून कामगाराची रजा, औषधपाणी, काही दुखलंखुपलं तर भरपाई, म्हातारपणाची सोय. काचवालीने ऐकून घेतलं. आपण कुणाचं बुडवणाऱ्यातल्या नाही, लिहा काय ते, असं म्हणाली.

बांबूचं खरं नाव तिला आठवेना. त्यालाच हाक मारून विचारावं लागलं. तो सहा फुटांहून उंच, त्यात सडपातळ, तेव्हा आल्या दिवशी कुणीतरी बांबू म्हटलं आणि तेच चिकटलं. निरीक्षकाने नाव लिहून घेतलं आणि कोपऱ्यात कोरड्या फडक्याने काचेवरची धूळ टिपणाऱ्या मामाकडे पेन रोखलं.

"आणि हे?"

"तो आमचा मामा."

"मामा म्हणजे?"

"मामा म्हणजे मामा. घरचाच आहे."

निरीक्षकाचं पेन थांबलं. मालकाच्या घरची माणसं धंद्यात राबत असली तर त्यांची नोंद लागत नाही, कायदा त्यांना धरत नाही, असं तो म्हणाला. घरचेच ना, असं पुन्हा एकदा विचारलंही त्याने. काचवालीने मान हलवली. एका माणसाची भर वाचली हा विचार तिच्या मनात मान हलवल्यानंतर आला. पण आला, आणि आल्यावर तिने त्याला हाकलून दिलं नाही. निरीक्षकासाठी चहा मामानेच आणला.

तिने काही अगदीच खोटं सांगितलं होतं, असं तरी कसं म्हणावं? मामा वखारीत आला तेव्हा ती रांगत होती. तिचं रांगणं वखारीच्या फरशीवर, आणि फरशीवर कायम काचेचा चुरा. वडील काचा कापत, आई वरच्या मजल्यावर स्वयंपाकात, मग हिला उचलून काचा टेकवायच्या लाकडी घोडीवर बसवायचं काम नव्या हमालाकडे आलं. आईला सख्खा भाऊ नव्हता. "जा मामाकडे," असं आईच एकदा म्हणाली, आणि त्या दिवसापासून तो मामा झाला, तिचा, आईचा, गल्लीचा, गिऱ्हाइकांचा. पुढे तिचं लग्न झालं आणि दोन वर्षांत मोडलं. तिचं सामान आणायला सासरी कुणी जायचं हा प्रश्न पडला, तेव्हा वडिलांचा पाय निघेना. मामा हातगाडी घेऊन गेला. सासऱ्याने दारातच अडवून विचारलं, तू कोण? "मुलीचा मामा," असं म्हणून तो सरळ आत शिरला आणि तिचं कपाट, तिची शिलाई मशीन, तिच्या दोन ट्रंका एकट्याने खाली उतरवल्या. वाटेत एका शब्दाने काही विचारलं नाही. गाडी ओढत होता आणि ती मागून चालत होती. उतारावर गाडी सावरताना तेवढा म्हणाला, "पुढे हो, इथे मागे राहू नको."

वडील गेल्यावर वखार तिने हातात घेतली. हिऱ्याच्या कलमाने काच कापायला ती वडिलांच्या डोळ्यांदेखत शिकली होती. बाजार तिला काचवाली म्हणू लागला. आणि मामा होताच. तो नदीपलीकडच्या वस्तीतून पहिल्या बसने यायचा आणि दिवे लागताना जायचा. दिवाणखान्यातलं सामान हलवायचं असो, गच्चीवरची टाकी धुवायची असो, आईला दवाखान्यात न्यायचं असो, मामाला हाक. त्याने कधी रजा मागितली नाही की उचल मागितली नाही. एकदा फुटक्या काचेने त्याचं पाऊल फाटलं. वडिलांनी स्वतः डॉक्टरकडे नेलं, टाके घालून आणलं, आणि दुसऱ्याच दिवशी मामा लंगडत कामावर हजर. घरात ही गोष्ट कौतुकाने सांगितली जायची. सांगून झाली की आई ठरलेलं वाक्य म्हणायची, "त्याला तरी आपल्याशिवाय आहे कोण?"

बांबूचं कार्ड आलं. त्यावर फोटो होता, शिक्का होता, आणि ते गळ्यात अडकवायला एक निळी फीत होती. पहिले चार दिवस बांबू ते छातीवर मिरवत फिरला. काच उचलताना कार्ड काचेवर टकटक वाजायचं, मग मामानेच त्याला ते शर्टाच्या आत टाकायला लावलं.

पुढच्याच महिन्यात एक जुना आरसा उतरवताना वरच्या कोपऱ्यातून तडकला आणि त्याची धार बांबूच्या हातावरून मनगटापासून कोपरापर्यंत फिरली. रक्त पुष्कळ गेलं, पण शीर वाचली. मंडळाच्या दवाखान्यात टाके पडले, औषधं मिळाली, आणि हात बरा होईपर्यंत घरी बसून मजुरी मिळत राहिली. काचवालीच्या खिशातून वेगळं काही गेलं नाही. ती मनात म्हणाली, बरं झालं बाई नोंद केली ती.

बांबू परत आला तो चांगला तुकतुकीत होऊन. दुपारी डबे खाऊन झाल्यावर मामाने त्याच्याकडून कार्ड मागून घेतलं. चष्मा नव्हता म्हणून हात लांब करून पुढून पाहिलं, मागून पाहिलं, आणि परत दिलं. हे काचवालीने टेबलावरून पाहिलं. संध्याकाळी जाता जाता मामा तिच्यापाशी थांबला.

"ते कार्डाचं... माझंही करायचं राहिलंय ना?"

"तुला कशाला रे?" ती हिशेबाची वही मिटता मिटता म्हणाली. "बांबू बाहेरचा. तुझं काही झालं तर आम्ही बघणार नाही का?"

"बघाल की," मामा म्हणाला. मग पायरी उतरून बसथांब्याकडे गेला.

त्यानंतर तो त्याबद्दल बोलला नाही. तो मुळातच तोंडात तीळ न भिजणाऱ्यांपैकी नव्हता, उलट त्याच्या तोंडात पोतंभर तीळ राहिले असते. त्यामुळे मंडळाचं पाकीट आलं आणि तिने ते उभ्या उभ्या फोडलं, तेव्हा आधी तिला वाटलं की पत्ता चुकला आहे. अर्ज मामाचा होता. आपण या वखारीत हमाल असून आपली नोंद नाकारली गेली आहे, असं त्याने दुपारच्या सुट्टीत, बांबूला साक्षीला घेऊन, मंडळाच्या कचेरीत जाऊन सांगितलं होतं. मालकाने सुनावणीला हजर राहावं.

समोर मामा आणि बांबू काचांमध्ये कागद सारत होते. तिने पाकीट खणात ठेवलं. मामाने वर पाहिलं नाही, पण ते पाकीट कसलं हे त्याला कळलं होतं, कारण एरवी तो कागद सारताना बोटाला थुंकी लावायचा आणि त्या दिवशी कोरड्याच बोटाने एकेक कागद उलटत बसला.

तिला राग आला. राग अर्जाचा नव्हता. हा इतका जवळचा, आणि आपल्याला न सांगता बांबूला सोबत घेऊन सरकारी जिने चढला, याचा होता. मागायचं होतं तर हक्काने भांडला का नाही? मग तिला आठवलं की त्याने मागितलं होतं. हे आठवल्यावर तर राग आणखीच वाढला.

वखारीचे हिशेब बघणाऱ्या मुनीमकाकांना तिने विचारलं. ते म्हणाले, घाबरण्यासारखं काही नाही. तुझ्या आईचा चुलतभाऊ आहे म्हणून सांग. आईनेही तेच सांगायचं. कोण कुळं शोधत बसतंय? आणि नातं नाही असं कबूल केलंस तर मात्र निरीक्षकाला चुकीची माहिती दिली म्हणून दंड, शिवाय मागची सगळी भर भरावी लागेल, असंही त्यांनी बजावलं.

आई तर तयारच होती. तिला ही सबब वाटतच नव्हती.

"त्यात खोटं काय आहे?" ती म्हणाली. "माझा मानलेला भाऊ आहे तो. सख्ख्यांनी केलं नसतं एवढं केलंय त्याने. मी येते आणि त्या साहेबाच्या तोंडावर सांगते." मग जरा वेळाने, पायाला तेल चोळता चोळता म्हणाली, "पण त्याला ते कार्ड हवंय कशाला? म्हातारपणी जाईल कुठे? आपल्याकडेच येणार ना?"

आईचा गुडघा धड नाही, कचेरीला जिने आहेत, तू येऊ नको, एवढंच तिने सांगितलं.

सुनावणीच्या दिवशी वखार बांबूवर सोपवून ती निघाली. मामा कचेरीच्या जिन्यात भेटला. धुतलेला शर्ट, वरपर्यंत लावलेली बटणं. तिला पाहून तो दोन पायऱ्या उतरला आणि बाजूला झाला, जशी काच जाऊ द्यायची तसा. दोघं एकाच बाकावर बसली, कारण बाक एकच होतं. खिडकीतून ऊन येत होतं आणि खिडकीची एक काच फुटलेली, तिथे पुठ्ठा लावलेला. दोघांनीही तो एकदमच पाहिला.

"चार मिलिमीटरची," मामा म्हणाला.

"हं," ती म्हणाली.

मग मामाने विचारलं, पाणी आणू का? ती म्हणाली, बस तू. त्यांच्या आधी आलेली माणसं आत जात होती, बाहेर येत होती. एका बाईच्या हातात मिळालेलं कार्ड होतं आणि ती ते पदराने पुसत होती, नवं असूनही.

आत गेल्यावर साहेबांनी दोघांनाही बसायला सांगितलं. त्यांना सर्दी झाली होती आणि ते दर दोन वाक्यांनी नाक पुसत होते. काचवाली बसली. मामा उभाच राहिला, तेव्हा साहेबांनी खुर्चीकडे बोट दाखवून पुन्हा सांगितलं. तो खुर्चीच्या काठावर टेकला. गेली सगळी वर्षं एका छपराखाली काढून आपण दोघं शेजारी शेजारी खुर्चीवर कधी बसलो नव्हतो, हे तिच्या ध्यानात आलं आणि तिने पर्स उगाच उघडून मिटली.

साहेबांनी अर्ज वाचला, निरीक्षकाचा शेरा वाचला, आणि मान वर केली.

"इथे लिहिलंय की तुम्ही मालकांचे मामा आहात. तुम्ही म्हणता, हमाल आहात. दोन्ही कसं?"

मामाने आपले तळहात पाहिले.

"ती लहानपणापासून म्हणते," तो म्हणाला.

"त्या काय म्हणतात ते त्यांना विचारतो. तुम्ही सांगा. यांच्या आईचे भाऊ आहात का?"

मामाने शर्टाचं वरचं बटण चाचपलं.

"मानलेले असाल तर तसं सांगा. कायद्यात मानलेलं नातं नसतं. सख्खे, चुलत, काही आहात का? हो की नाही, एवढंच."

अर्ज करायला तो आपल्या पायांनी इथे आला होता, आणि आज एका शब्दाचं उत्तर दिलं की काम होणार होतं. पण तो शब्द काही केल्या त्याच्या तोंडून निघेना. त्याने एकदा काचवालीकडे पाहिलं आणि लगेच नजर दाराकडे नेली. तिला सासरचं दार आठवलं. तिथे त्याला विचार करावा लागला नव्हता. सासरा आडदांड होता, मागे त्याचे दोन पुतणे उभे होते, आणि मामा मात्र असा बोलला होता जणू कुणी त्याला त्याचं नावच विचारलंय.

"नाही," काचवाली म्हणाली.

साहेबांनी तिच्याकडे पाहिलं.

"हे माझे मामा नाहीत. माझ्या आईचे कुणी नाहीत. आमचं यांच्याशी काहीही नातं नाही." आपला आवाज फार मोठा झाला असं तिला वाटलं, म्हणून पुढचं ती हळू बोलली. "हे आमच्या वखारीत हमाल आहेत. माझ्या वडिलांच्या वेळेपासून."

"मग निरीक्षकांना तुम्ही सांगितलं ते?"

"ते चुकीचं सांगितलं."

"त्याचे परिणाम माहीत आहेत?"

"आहेत."

साहेबांनी नाक पुसलं आणि लिहायला घेतलं. खोलीत पंखा फिरत होता. काचवालीला शेजारी पाहण्याचा धीर होईना. ज्याने तिला चुऱ्यातून उचलून घोडीवर बसवलं, त्याच्यासमोर ती आत्ता म्हणाली होती की हा माझा कुणी नाही, आणि हे सांगून झाल्यावर तिला हात धुवावेसे वाटत होते. बाजूला मामाने श्वास सोडला, तेवढा ऐकू आला. बरं वाटलं म्हणून सोडला की वाईट वाटलं म्हणून, ते तिला कळलं नाही.

मग साहेबांनी नेहमीचे प्रश्न सुरू केले. वय, पत्ता, जुनं दुखणं. मामा आता भराभरा उत्तरं देत होता. ती ऐकत होती. पत्ता तिला नवाच होता. नदीपलीकडची वस्ती एवढंच ती जाणून होती, आणि तिथे गल्ल्या असतील, गल्लीला नाव असेल, घराला नंबर असेल असं काही तिच्या मनात कधी आलं नव्हतं.

"वारस कोण लावायचा?" साहेबांनी विचारलं.

"मुलगी," मामा म्हणाला.

काचवालीने मान वळवली.

साहेबांनी मुलीचं नाव विचारलं, मामाने सांगितलं. वय विचारलं, सांगितलं. राहते कुठे? तर मामाकडेच, नवरा आणि मुलासह. कपड्यांच्या कारखान्यात शिवणावर आहे. बायको? बायको नाही, गेली. साहेब लिहीत गेले. त्यांच्या दृष्टीने त्यात लिहिण्यापलीकडे काही नव्हतं. शेवटी त्यांनी सही घेतली, फोटोला शेजारच्या खोलीत जायला सांगितलं, आणि काचवालीला दंडाची नोटीस घरी येईल म्हणाले.

फोटो होईपर्यंत ती जिन्याखाली थांबली. थांबायचं काही कारण नव्हतं. मामा खाली आला तेव्हा त्याचे केस पाण्याने चापून बसवलेले होते. दोघं रस्त्याने बसथांब्याकडे चालू लागली. नेहमी तो दोन पावलं मागे चालायचा. आज तिनेच पाऊल मंद केलं तेव्हा तो शेजारी आला.

"मुलगी आहे, हे कधी..." तिने वाक्य अर्धंच सोडलं. पुढे बोललास म्हणावं की बोललात, हे तिला ठरवता येईना.

"तुझ्या वडिलांनी कामावर ठेवताना विचारलं होतं," तो म्हणाला. "मागे लटांबर आहे का म्हणून. संसारी माणूस नको, म्हणाले, आज पोर आजारी, उद्या बायको आजारी, रजा मागत बसतो. माझ्याआधी दोघांना तेवढ्यावरून परत पाठवलं होतं. म्हणून मी म्हटलं, मागे कोणी नाही." तो जरा हसला. "तेव्हा बायकोच होती फक्त. मुलगी नंतर झाली. आधी नाही म्हटलेलं, मग झाली म्हणून सांगायचं कसं? मग ते तसंच राहिलं."

"आणि बाबा गेल्यावर?"

"तोवर तुम्ही सगळेच म्हणायला लागला होतात, याला कोणी नाही. आई तर लोकांना सांगायच्या. खोडून काढलं असतं तर वाईट दिसलं असतं."

रस्त्याच्या कडेला दोन माणसं गाडीतून कलिंगडं उतरवत होती. वरचा फेकत होता, खालचा झेलत होता. ती दोघं तो माल जाईपर्यंत थांबली, सवयीने.

"तिची आई कधी...?"

"झाली काही वर्षं. रविवार होता."

तिला आधी कळलं नाही की त्याने वार का सांगितला. चार पावलं गेल्यावर कळलं. वखार रविवारी बंद असते. ती त्याच्या पुढचा सोमवार आठवू लागली. कोणता माल आला असेल, कुणाच्या खिडक्या गेल्या असतील, मामा आला तेव्हा आपण त्याला काय म्हणालो असू. काही आठवेना. सगळे सोमवार सारखे होते, आणि सगळ्यांत तो कोपऱ्यात उभा राहून फडक्याने काच पुसत होता.

"आणि मुलीचं लग्न?" तिने विचारलं. विचारायला नको होतं असं तिला वाटलं, पण आता विचारून झालं होतं.

मामाने मान खाली घातली. त्याचे खांदे हलले. तिला वाटलं, रडतोय की काय. पण तो हसत होता.

"मी दाढ काढायला गेलो नव्हतो का?"

तिला आठवलं. दाढ फार ठणकते म्हणून मामा एक दिवस आलाच नव्हता, एवढ्या वर्षांतला तो एकच दिवस. दुसऱ्या दिवशी आला तो गालाला रुमाल बांधून. आईने पुढे तीन दिवस त्याला डबा उघडू दिला नाही, वरून मऊ भात कालवून खाली पाठवला, दूध घालून, मीठ बेताचं. मामाने तो घोडीला टेकून मुकाट्याने खाल्ला होता, एका गालाने चावत. काचवालीनेच त्याला दटावलं होतं, हळू खा, टाके तुटतील. आदल्या दिवशी त्याने लेकीचं लग्न लावलं होतं.

"तीन दिवस," ती म्हणाली.

"भात चांगला होता," मामा म्हणाला. "पण डबा तसाच घरी न्यावा लागायचा. लग्नातलं उरलेलं होतं त्यात. तिसऱ्या दिवशी वास मारायला लागला."

आता तिलाही हसू आलं, आणि हसता हसता तिचे डोळे भरले. तिने ते पुसले नाहीत, कारण पुसले असते तर त्याला दिसलं असतं. थांबा आला. वखारीकडे जाणारी बस समोरून येताना दिसत होती. तिने पर्समधून सुटे काढले, दोघांचे, नेहमीसारखे.

"एकाचंच काढ," मामा म्हणाला. "मी पलीकडून घेतो. आज मी येत नाही."

तो विचारत नव्हता. तिने एक क्षण वाट पाहिली, पुढे काही कारण सांगेल म्हणून. त्याने कारण सांगितलं नाही. बस थांबली. ती चढली, आणि खिडकीतून वळून पाहिलं तेव्हा तो रस्ता ओलांडत होता, एक हात वर करून, गाड्यांना थांबवत.

वखारीत बांबू वैतागून बसला होता. दुकानाच्या दर्शनी खिडकीची मोठी काच न्यायला टेम्पो आला होता, टेम्पोवाल्याने दोनदा हॉर्न वाजवला होता, आणि एकट्याने ती काच हलवणं शक्य नव्हतं. वरून आईनेही हाक मारून विचारलं होतं, काय झालं तिकडे म्हणून. बांबूने दोन्ही प्रश्न एकदमच तिच्यापुढे टाकले. सुनावणीत काय झालं, आणि मामा कुठाय?

काचवालीने पर्स टेबलावर ठेवली. खुंटीवरचे मामाचे चामड्याचे पंजे काढले आणि एकेक करून हातांत चढवले. ते तिला मोठे होत होते, तिने दोऱ्या दातांनी आवळल्या. मग काचेच्या मागच्या टोकाशी जाऊन उभी राहिली.

"रजेवर आहेत," ती म्हणाली. "उचल."